समुद्रावरची सावड

माय, तू गेल्यावर मी जे काम केलं ते तुला कळेल अशा भाषेत सांगायचं राहूनच गेलं. आज कुडव्याला आपल्या घरी सुट्टीवर आले आहे, तर सांगूनच टाकते. समुद्रातल्या एका लहानशा देशाला आपला देश तटरक्षकांची चौकी बांधून देत होता. बोटींसाठी धक्का, रडारचा मनोरा आणि किनाऱ्यानं कुंपण. चोरटा माल आणणाऱ्या बोटींवर नजर ठेवायला. आपल्या बाजूची इंजिनिअर मी. गावच्या बोडीपलीकडे, त्या एवढ्याशा तळ्यापलीकडे पाणी न पाहिलेली तुझी पोरगी, बोल आता!

नकाशातलं कुंपण कोळ्यांच्या वाटेवरूनच जात होतं. तिथला अधिकारी रोज एकच सांगायचा, "इथे फाटक द्या. होड्या समुद्रात गेल्या नाहीत तर यांच्या चुली पेटणार नाहीत. आणि चोरट्यांची बोट आधी यांनाच दिसते." आमचे साहेब ऐकायलाच तयार नाहीत. "डिज़ाइन पास हो चुका है. बना के तो हम दे रहे हैं ना?" नकाशावर सही माझी लागणार होती, म्हणून शेवटी दोघंही माझ्याकडे बघायला लागले.

आणि मला बिरसीची ती धानाची बांधी दिसते. डोक्यावर तिथल्या विमानतळाचं शिकाऊ विमान घिरट्या घालतंय. आपण काकीकडे सावडीनं रोवणीला गेलोय, आज आपण तिच्याकडे, उद्या ती आपल्याकडे. मी शाळेत जाणारी दीडशहाणी काकीलाच सांगते आहे की रोपं अशी नाही, तशी लाव. तू चिखलाच्या हातानं माझा कान धरतेस. "कायले शिकवून राहिली वं तिले? बांधी तिची हाय. सावडीले आलो आपण, मालकी कराले नाही." बाया खो खो हसतात, काकी सगळ्यांत जास्त. कसला राग आला होता मला तुझा!

मी साहेबांना म्हटलं, फाटक नसेल तर सही नाही. ते भडकले, मला परत पाठवायची भाषा झाली. पण माय, मी हटले नाही. महिनाभर रखडून नवा नकाशा मंजूर झाला. फाटकातून पहिली होडी निघाली तेव्हा तो अधिकारी स्वतः दोरी ओढायला लागला, त्याच्यामागे मी, आणि पुटपुटत का होईना, साहेबही. तुझं एक बोलणं कुठवर पोचलं बघ. किती मोठी होतीस गं तू.

उद्घाटनाच्या भाषणांत सहकार्य, सहकार्य चाललं होतं. मी त्या अधिकाऱ्याला हळूच सांगितलं, आमच्याकडे याला सावड म्हणतात. आता त्याचा फोन आला की हॅलोच्या ऐवजी तो "सावाद!" म्हणतो. हे पत्र कुठं पाठवायचं नाही, म्हणून सांगते. त्याचा उच्चार मी मुद्दामच सुधारत नाही. सुधारला तर तो लाजून म्हणायचाच बंद करेल, आणि तू गेल्यापासून हा शब्द माझ्यापाशी दुसरं कोणीच म्हणत नाही.