मापाचे दोरे

कळंब, कार्तिक वद्य पंचमी, १९४८

काम काहीच झालं नाही, तरी अंग मोडून आलंय.

भारताचं लष्कर आलं, निजामाचं राज्य गेलं, तेव्हा आमच्या कापडदुकानासमोर मीच पेढे वाटले. हमीदचाचांनीही खाल्ला. वीस वर्षं ते माझ्या ओट्यावर शिलाई मशीन घेऊन बसतात. लिहिता येत नाही, म्हणून प्रत्येक गिऱ्हाइकाचं माप दोऱ्याला गाठी मारून ठेवतात. ते सगळे दोरे एका खिळ्याला टांगलेले असतात. रझाकार दुकानाशी आले तेव्हा दारात आडवे उभे राहिले ते चाचाच. गावाला हे ठाऊक नाही का? चांगलं ठाऊक आहे.

आज येरमाळ्याचा ज्ञानोबा आला. कापड घेतलं आणि खाली बघत म्हणाला, "चाचा, माझा दोरा द्या. औंदा बार्शीला शिवावं म्हणतो." चाचांनी गाठी चाचपून तो काढून दिला. या आठवड्यात असं मागणारा हा सहावा. चाचांशी भांडण कुणाचंच नाही. दोन महिन्यांमागं रस्त्यात नाचलेली माणसं आता फक्त एवढंच बघतात, की आपल्याला इथं चाचांपाशी कुणी बघत तर नाही. मी ज्ञानोबाला टोकलं का नाही?

दिवेलागणीला चाचांनी खिळ्यावरचा माझा दोरा काढून पुढं केला. "तुमचाबी ठेवा, आप्पा. तुमच्यावर मागायची पाळी नको."

नको म्हणायला तोंड उघडलं, पण हात आधी पुढं गेला. दोरा माझ्या खिशात आहे.