वर बघणारी माणसं

९ मे १९७४. मलकापूर
रेल्वेचा संप. एस.टी.नं हाडं खिळखिळी! धरणावर फिल्म करायला कोयनानगरला निघालेली मी — आणि कऱ्हाडच्या अलीकडेच उतरले. कारण छपराछपरांवर पुरुष उताणे पडलेले! विचारलं. कबुतरांच्या शर्यतीचा सराव. सकाळी सोडलेलं पाखरू ज्याचं सगळ्यांत उशिरा उतरेल, तो जिंकला. तोवर नुसतं वर बघायचं.

गारुडी, नंदीवाले, बोहारणी — इतकी वर्षं अशीच माणसं टिपत आले. पण अख्खी गल्ली एका ठिपक्यासाठी श्वास धरून बसलेली कधी पाहिली नव्हती.

धरण कुठं पळून जात नाही.

१० मे
हंबीररावांच्या माडीवर कॅमेरा लावला. पल्टणीतून निवृत्त, उसाचे बागायतदार, पांढऱ्या मिशा. समोरच्या छपरावर सयाजी, त्यांचा जुना प्रतिस्पर्धी. दिवसभर ओरडतो — "आण्णा, तुमचं निंबाच्या वर! आता उगवतीला सरकलं!" खिजवतो मेला. हंबीरराव शांत. नुसती मान वळवतात.

११ मे. शर्यत
अजून अंगावर काटा आहे.

दुपारनंतर दोनच पाखरं वर उरली. हंबीररावांचं आणि सयाजीचं. मग ससाणा आला! थेट हंबीररावांच्या पाखरावर. गल्ली किंचाळली. हंबीरराव मात्र दुसरीकडेच बघत — "काय झालं रं?" आणि सयाजीनं खुराड्याची दारं उघडली! सगळा थवा आभाळात. इतकी पाखरं बघून ससाणा बावचळला, निघून गेला.

पण जादा पाखरं सोडली की शर्यतीतून बाद. कप हंबीररावांना.

सयाजीला गाठलं. मुद्दाम का हरलात? इकडंतिकडं बघून हळूच म्हणाला,
"आण्णांला दिसत न्हाई, बाई. दोन वर्सं झाली. हातातनं सोडत्यात, म्होरचं मी वरडून सांगतो. गल्लीला समदं ठावं हाय. त्यांस्नी वाटतं, कुनालाच ठावं न्हाई. तेवढं फिल्मीत घालू नगा."

मी त्याला मेला म्हटलं होतं!

२ जून. मुंबई
न राहवून आमच्या फिल्म खात्याच्या साहेबांना सांगितलं. साहेब उडालेच. "आंधळा कबुतरवाला! हेच ठेवा, बक्षीस नक्की!"

मोह झाला. खोटं कशाला लिहू? असं काही पुन्हा हाती लागायचं नाही.

३ जून
सयाजीचा आवाज टेपवरून काढून टाकला. सगळा. एकही हाक ठेवली नाही. त्या जागी सतार. आता फिल्म बघून कुणाला शंका यायची नाही. साहेब बोलत नाहीत. न बोलोत.

१८ ऑगस्ट. मलकापूर
शाळेच्या पटांगणात पडदा लावून फिल्म दाखवली. सगळी गल्ली लोटलेली. हंबीरराव पुढच्या खुर्चीत, फेटा बांधून. सयाजी मागं उभा. टाळ्या थांबल्या तसा हंबीररावांनी चाचपडत माझा हात धरला.

"बाई, समदं लय ब्येस. पर सयाजीला का काडलासा? त्याच्याबिगर मला काय दिसनार?"