गोठ्यातला कॅमेरा

आई,

माहेरी, राहू गावातल्या आपल्या गोठ्याला दार नव्हतं. पहाटे तू धार काढायला बसायचीस आणि गाईला सगळं सांगायचीस. सासूचं, नवऱ्याचं म्हणजे आमच्या दादांचं, कुणापुढं न बोलण्याजोगं. एकदा मी कुडाआडून ते ऐकलं आणि जेवताना दादांसमोर बोलून गेले. तू मान वर केली नाहीस. दुसऱ्या दिवशी मला गोठ्याबाहेर थांबवून म्हणालीस, "दार न्हाई म्हणून काय झालं? आत बाई हाय म्हणल्यावर आधी खाकरावं माणसानं." पुढं दादासुद्धा खाकरूनच आत यायचे.

आता मीच सासू आहे, इथं सासरी, न्हावरे गावात. गेल्या वर्षी गाय व्यायला झाली तेव्हा मुलानं गोठ्यात कॅमेरा बसवला. तो कंपनीत शिफ्टला असतो. गाय मोबाइलवर दिसत राहील म्हणाला. गाय व्याली, कालवड झाली, कॅमेरा तसाच राहिला. त्यातून आवाजही येतो, हे सुनेला कुणी सांगितलं नाही. दिवसभर तो मोबाइल घरी माझ्याकडे, म्हणजे चोराच्याच हाती किल्ल्या. एका सकाळी मी भाकरी थापतेय, मोबाइल परातीशेजारी ठेवलाय, आणि ती गाईला सांगतेय की दुसरं मूल एवढ्यात नको म्हणून ती चोरून गोळ्या खाते. कॅमेरा काही खाकरत नाही, आई. मी संध्याकाळी मुलाला सांगून टाकलं. त्यानं गोळ्या उकिरड्यावर फेकल्या. आठ दिवस घरात अबोला होता. आता तिला चौथा महिना आहे.

ती मुकाट धार काढते. बोलायला जाणार तरी कुठं? डेअरीवर कॅमेरा, दुकानात कॅमेरा, एसटीच्या थांब्यावर कॅमेरा, आणि तिचा फोन नवरा रोज उघडून बघतो. मला माझी लाज वाटते, पण लाजेनं काही मागं फिरत नाही. परवा ती चुलीपाशी आली. "आत्याबाई, तेवढा गोठ्यातला कॅमेरा काढायला सांगा की त्यांना. धार काढताना पाठीमागं कुणी उभं हाय असं वाटतंय."

"सांगितलं गं," मी म्हणाले, "त्यो न्हाई म्हणतोय."

तिनं पदरानं हात पुसले आणि ती चरवी घेऊन गोठ्याकडं गेली.

तू असतीस तरी हे पत्र टाकायला माझा हात धजावला नसता. अजूनही धारेच्या वेळी मी मोबाइल कानाशी धरते, ती माझ्याबद्दल काय बोलते ते कळावं म्हणून. कॅमेरा काढायचं मुलाला मी सांगितलंच नाही.