मल्लेश नाही म्हणतो

१२ फेब्रु. हुफूफ, सौदी.
फिजिओथेरपीत नवी मुलगी आली. नूरा. सौदी, हसरी, चटकन शिकते. सगळं शिकली की माझी जागा तिची. इकामा, म्हणजे इथे राहायचा परवाना, वाढवायचं विचारलं तर साहेब म्हणाले, "बघू." दापोलीला अम्मीला काही सांगितलं नाही.

१५ फेब्रु.
मल्लेश कुबड्यांवर उभा राहिला! तेलंगणातला. खजुराच्या कारखान्यात फोर्कलिफ्टखाली पाय गेला, गुडघ्याखालून. व्यायाम करताना मोबाइलवर तेलुगू सिनेमा. लंगडा गुराखी जमीनदाराला नडतो, शेवटी गाव त्याला खांद्यावर उचलतं. मल्लेश चिडलाच. "उठाया कायकू, मॅडम? उसको चलने दो ना!" नूराला अरबीत सांगितलं. हसली नाही ती.

१९ फेब्रु.
कारखान्याचा मुकादम आला. म्हणे, चूक माझीच होती असं बोल, मग खलास, घरी पाठवतो. मल्लेश म्हणाला, "गाडी का ब्रेक खराब था. मैं झूठ नहीं बोलेगा." मुकादम ओरडला, शिव्या दिल्या. हा नुसता उभा, तो जाईपर्यंत. मग खुर्ची मागितली. धरून बसवलं.

२० फेब्रु.
साहेबांनी केबिनमध्ये बोलावलं. "मल्लेश प्रवासाला फिट आहे, असं लिही. कारखान्याला त्याला घरी पाठवायचंय."
"जखम ओली आहे, सर."
"तुझा इकामा माझ्याच हातात आहे."
जेवण गेलं नाही. नमाजातही लक्ष नाही.

२२ फेब्रु.
नाही लिहिलं. साहेबांनी फाइल नूराकडे दिली, 'फिट' लिहायला. बाथरूममध्ये रडत होती. म्हणाली, "तुम्ही निघून जाल. मला इथेच राहायचंय." राग यावा, तर तोही नीट येईना.

२४ फेब्रु.
मल्लेश एकटाच लेबर ऑफिसला तक्रार द्यायला निघाला. अरबीचा गंध नाही. रजा टाकली, टॅक्सीत शेजारी जाऊन बसले.
अधिकारी वयस्कर, शांत. मल्लेश हिंदीत, मी अरबीत. मुकादमाच्या शिव्या जरा सौम्य केल्या तर मल्लेशला माझ्या चेहऱ्यावरूनच कळलं. "मॅडम, जैसा बोला वैसाच बोलो." बोलले.
अधिकाऱ्याने हॉस्पिटलला फोन लावला. जखमेबद्दल सांगायला तिथल्यांनी फोन नूराला दिला. अधिकारी हं हं करत लिहीत राहिला, बराच वेळ. मग आम्हाला म्हणाला, "बाहेर बसा."
बाकावर बसून लिहितेय. मल्लेश सारखा विचारतोय, "क्या बोली वो लडकी?"
जखम ओली म्हणाली की फिट, मला कुठे ऐकू आलं. दार उघडतंय बहुतेक