माफीनाम्याखालची पत्रिका

३ ऑक्टोबर
डिलिव्हरीवाल्या प्योच्या कानशिलात लगावली. एकच. हातात रश्शाचा डाव होता, त्याला माझा इलाज नाही. शेवया शिजायच्या होत्या आणि हा घाई करत होता. कानातून थोडं रक्त आलं. कोणी पाहिलं नाही. उद्यापासून राग बंद.

४ ऑक्टोबर
कोणीतरी पाहिलं. व्हिडिओ बारा लाख लोकांनी बघितला. अख्ख्या इंचन शहरात आता माझंच हॉटेल माहीत. फुकटची जाहिरात.

५ ऑक्टोबर
गिऱ्हाईक शून्य. काच फोडली, अंडी मारली. एकजण तोंडासमोर मोबाइल धरून शिव्या देत होता. मोबाइल आपटला. त्यात त्याचं बोट मोडलं. स्वसंरक्षण. त्याचाही व्हिडिओ निघाला.

७ ऑक्टोबर
माझी पोर सोयुल आली. तिचं अठरा तारखेला लग्न, सासरचे विचारायला लागलेत. म्हणाली, "अप्पा, माफीनामा हाताने लिहा आणि फोटो टाका. टाइप केलेला कोणी मानत नाही. आणि अठरापर्यंत हात खिशात ठेवा." शब्द दिला. तिच्यासाठी जीव देईन.

८ ऑक्टोबर, सकाळी ११
तीन कागद फाडले. प्रत्येकात प्योचीच चूक निघत होती. चौथा जमला. खाली टेकायला जाड काहीतरी हवं म्हणून तिची लग्नपत्रिका घेतली. अक्षर मोत्यासारखं. फोटो टाकला. प्रकरण मिटलं.

दुपारी ४
अक्षराबद्दल कोणी अवाक्षर काढत नाही. कागदाखालून पत्रिका दिसतेय म्हणे. हॉलचं नाव, सोयुलचा नंबर. फोटो काढून टाकला, तोवर सगळीकडे पोचला होता. लोक विसरतात.

१० ऑक्टोबर
सोयुलला दिवसभर फोन. जाळून टाकू म्हणतात. घरही शोधलं, दारावर लाल रंग ओतला. धावत गेलो. दारात एकजण बादली घेऊन उभा. धरला आणि जिन्यावरून लोटला. दोन दात पडले, मनगट मोडलं. तो रंग पुसायला आला होता. तिचा होणारा सासरा.
अंधारात कोणाचीही चूक होते. सकाळचे दहा वाजले होते, पण जिना अंधाराच आहे.

१३ ऑक्टोबर
सोयुलनेही माफीनामा टाकला. हाताने लिहिलेला. 'या माणसाशी माझं नातं संपलं. लग्नात वडिलांची खुर्ची रिकामी राहील.' कागदाखाली कोरं टेबल. लोकांनी तिला माफ केलं. सासऱ्यांनीही.
अक्षर सुरेख आहे. मीच गिरवून घेतलं होतं.

१८ ऑक्टोबर, दुपारी १
लग्न लागलं असेल. सूट घालून फुटक्या काचेमागे बसलोय. बाहेर दोघं शूटिंग करतायत. शब्द दिला होता. आता हात खिशात घालतो.