सदऱ्याचा रंग

बाबा, तुमचा सदरा अजून रंगवायचा राहिलाय. मी कलाशाळेची पायरी चढलो नाही; मुरबाडला दुकानांच्या पाट्या रंगवता रंगवता हात बसवला. त्या वर्षी कल्याणला कलाशाळेतून नुकत्याच बाहेर पडलेल्या मुलांनी प्रदर्शन भरवलं, त्यात मलाही एका चित्रापुरती भिंत मिळाली. पाट्या सोडून चित्रकार म्हणून उभं राहायचं तर हीच वेळ, असं मनाने घेतलं. तुम्हाला चुलीशेजारी बसवायचं ठरलं. तुम्ही दाढी करून, म्हसाच्या जत्रेत घेतलेला ठेवणीतला सदरा घालून आलात. आई भाकरी थापता थापता हसली, "नवरदेव बसलाय जनू!" मी म्हटलं, "बाबा, तो काढा. रोजच्यासारखे बसा." तुम्ही म्हणालात, "रोजचा तर रोज बघतोस की रे." तरी काढलात. तीन दुपारी तुम्ही फाटक्या बनियनवर बसून राहिलात आणि मी एकेक भोक मोजून काढलं. सात होती. त्या शिकलेल्या पोरांना दाखवायचं होतं ना, नजर कशाला म्हणतात ते.

चित्रासमोर गर्दी झाली. तुम्ही एसटीने आलात, अंगात तोच सदरा. एका बाईंनी चित्राकडे बोट दाखवत विचारलं, "हे तुम्हीच ना?" मी दोन हातांच्या अंतरावर उभा आहे. तुम्ही मान हलवता, "नाय बाय, आमच्या गावचा हाय कोन तरी." मी पुढे होऊन 'हे माझे वडील' म्हणायला हवं होतं. मी बाजूच्या माणसाला छायाप्रकाश समजावत राहिलो. परतताना एसटीत तुम्ही एवढंच बोललात, "भोकं बरोबर मोजलीस हां."

त्यानंतर मला कामं मिळत गेली. तुम्ही मात्र पुन्हा माझ्यासमोर बसला नाहीत. तुम्ही गेलात तेव्हा घरात तुमचा एकही फोटो निघाला नाही. मी ते चित्र आणलं, तर आई म्हणाली, "ते नको लावूस. पावनं येतील." भिंत तशीच राहिली.

आता आईही नाही. आठवडाभर मी ते चित्र समोर ठेवून बसतोय. बनियनवर सदरा चढवायचा आहे. पण रंग लावायला जातो आणि हात थांबतो. आकाशी होता की पिस्ता? तुमचे कपडे तेव्हाच वाटून टाकले, विचारायला कुणी उरलं नाही. हे पत्र कॅनव्हासच्या मागे खोचून ठेवतो. ती सात भोकं मी आजही डोळे मिटून जागच्या जागी काढीन, बाबा. सदऱ्याकडे मी पाहिलंच नव्हतं.