कट म्हणायचं राहिलं

४ फेब्रुवारी

ज्येष्ठ नटी आजारी. येत नाहीत! उद्या शूटिंग, आणि बाबांच्या बहिणीचं काम करायला कोणी नाही. बाबा गेल्यावर त्यांची मोठी बहीण कपाट आवरते – प्रसंग एवढासाच, पण त्याच्याशिवाय मुलीचं स्वगत उभं राहत नाही. आणि ते स्वगत मला करायला मिळावं म्हणून तर हा सगळा खटाटोप! आजवर नायिकेची मैत्रीण होऊन नुसती मान डोलावली. असं काम मला कोणी देणार नव्हतं, म्हणून लिहिलं मी, निर्माती मी, दिग्दर्शनही मीच. घरचंच दुःख, घरचाच सिनेमा.

शेवटी आत्यालाच गळ घातली. खरी बहीण तीच. "तोंडाला रंग लावणार नाही," म्हणाली. म्हणजे हो!

५ फेब्रुवारी

आत्याने तिची दोन वाक्यं म्हटली – पाढे म्हणावेत तशी. मनात म्हटलं, बोंबला! आणि गप्प उभी राहिले, कोणीतरी कट म्हणेल म्हणून. नटीची खोड! कट नेहमी दुसरंच कोणी म्हणतं. आज ते मी म्हणायचं होतं, हे डोक्यातच आलं नाही. कॅमेरा चालूच.

आत्याला वाटलं, अजून काम आहे. तिने शर्ट उचलला. बाबांचा नव्हे, कपडेवालीने चहाच्या पाण्यात बुडवून जुना केलेला. घडी घालायची सोडून ती त्याची बटणं लावत बसली. खालून वर, एकेक. गळ्याचं लावताना कॉलर जरा पुढे ओढली, टोचू नये म्हणून. मग हळूच म्हणाली, "मान वर कर. शाळेची घंटा होईल."

हे मी लिहिलं नव्हतं. बाबा कधी एवढेसे होते, हे मला सुचलंच नव्हतं! मेकअपवाला भिंतीकडे तोंड करून उभा होता.

शेवटी आत्याच म्हणाली, "झालं का गं? मला घरी जायचंय."

६ फेब्रुवारी

माझं स्वगत झालं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

२ मार्च

संकलकाने दोन्ही प्रसंग लागोपाठ लावले आणि गप्प बसला. शहाणा आहे. आधी आत्या, मग माझी बडबड. काय सुंदर रडते मी! जीव गेला तरी स्वगत काढणार नाही, असं त्याला बजावून आले. घरी येऊन जेवले नाही.

३ मार्च

काढलं. सगळं. सिनेमात मी आता कुठेच नाही. बाबा आहेत.